कीबोर्डवर बसून ऑर्केस्ट्रा सांभाळायचा तर तयारी कशी आणि कुठून करावी?

मंद्रसप्तक

नमस्कार मंडळी. पियानोचं रीतसर शिक्षण पूर्ण झालंय, जोडीला हार्पसिकॉर्ड (तारा छेडून वाजणारं जुनं कीबोर्ड वाद्य) चालू आहे. आता कंडक्टिंगकडे वळायचंय, पण वाद्य सोडून नाही. ट्रेव्हर पिनॉक, टॉन कोपमन, मासाआकी सुझुकी, एमान्युएल आइम, मॅक्सिम येमेल्यानिचेव ही सगळी वाद्यावर बसून ऑर्केस्ट्रा सांभाळणारी माणसं. त्यांचे परिचय वाचले की १९७२ मध्ये इंग्लिश कॉन्सर्ट, १९७९ मध्ये ॲमस्टरडॅम बरोक ऑर्केस्ट्रा, १९९० मध्ये बाख कॉलेजियम जपान अशी स्थापनेची सालं हाती लागतात. तिथवर पोचायला नेमकी कोणती कामं करावी लागतात, ते कुठेच सापडत नाही.

विचारायचं ते असं: आधी कंडक्टिंगची पदवी घ्यावी की ऑपेरात रेपेटिटर, म्हणजे पियानोवर गायकांची तालीम घेणारा, म्हणून लागावं? फिगर्ड बास, म्हणजे बासच्या ओळीवरचे आकडे वाचून कॉर्ड भरणं, किती पक्का हवा? आणि दोन्ही हात पट्ट्यांवर गुंतलेले असताना वीस-पंचवीस वादकांना इशारा द्यायचा कसा? हे काम ज्यांना जवळून माहीत आहे त्यांनी जरा तपशिलात सांगावं, ही विनंती.

तालीमखोली

पदवीला नाही म्हणू नका, पण तिच्या भरवशावर राहू नका. अभ्यासक्रमात हाताचं वळण लागतं, स्कोअरचा अभ्यास होतो, पण खरा ऑर्केस्ट्रा प्रत्येकाच्या वाट्याला मोजक्या मिनिटांपुरता येतो. रेपेटिटरला मात्र रोज गायक मिळतात, आणि कंडक्टरला तालमीत जे काही ऐकू यायला हवं ते सगळं त्याच्या कानावरून आधी जातं.

जर्मन भाषक ऑपेरागृहांत ही शिडी अजून शाबूत आहे. सुरुवात कोरेपेटिटर म्हणून, मग श्टुडिएनलायटर म्हणजे सगळ्या रेपेटिटरांचा प्रमुख, पुढे दुसरा कापेलमाइस्टर (ऑपेरागृहाचा नेमलेला कंडक्टर), पहिला कापेलमाइस्टर आणि सगळ्यात वर गेनेरालमुझिकडिरेक्टर, म्हणजे संगीत-प्रमुख. काही जाहिरातींत रेपेटिटरच्या पदाला ‘कंडक्टिंगच्या जबाबदारीसह’ अशी पुस्ती असते. निवड करता आली तर तेच पद घ्या. त्यात रंगमंचामागचं गायनवृंद, बालनाट्याचे प्रयोग, कुणी आजारी पडलं तर ऐनवेळचा प्रयोग असं काहीतरी वाट्याला येतंच. गेओर्ग शोल्टी बुडापेस्टच्या ऑपेरात आधी रेपेटिटर होते, तिथेच १९३८ मध्ये त्यांना मोझार्टचा ‘फिगारो’ कंडक्ट करायला मिळाला. अँटोनियो पपानो याच वाटेने आले: रेपेटिटर, बायरॉइटला बारेनबॉइमचे साहाय्यक, आणि पुढे २००२ ते २०२४ लंडनच्या रॉयल ऑपेरा हाऊसचे संगीत-दिग्दर्शक.

निवडीच्या वेळी काय विचारतात ते ऐका. ‘फिगारो’च्या दुसऱ्या अंकाचा शेवट, ‘कार्मेन’मधलं पंचक, ‘ला बोएम’चा दुसरा अंक, ‘सलोमे’मधलं पाच यहुद्यांचं भांडण. हे नुसतं वाजवायचं नसतं, वाजवता वाजवता गैरहजर पात्रांच्या ओळी गायच्याही असतात, आणि नजर समोरच्या कंडक्टरच्या हातावर ठेवायची असते. उत्तम पियानिस्ट इथेच घसरतात, कारण ते छापलेला प्रत्येक स्वर वाजवायला जातात. व्होकल स्कोअरमधला पियानो कुणीतरी ऑर्केस्ट्रावरून उतरवून घेतलेला असतो, तो दहा बोटांच्या सोयीने लिहिलेला नसतो. तिथे बास आणि लय सगळ्यात आधी, मग हार्मनी, मग ज्या वाद्याकडून गायकाला सूर उचलायचाय ती ओळ. व्हायोलिनची धावती सोळांशं गाळली तरी कुणी हरकत घेत नाही. थांबलात तर मात्र संपलं, कारण गायक थांबत नाही.

स्कोअर वाचायची सवय वेगळी लावावी लागते. बाखची चार आवाजांची कोराल (चर्चची भजनं) सोप्रानो, आल्टो, टेनर या तिन्ही सी-क्लेफमध्ये (क्लेफ म्हणजे कोणत्या रेघेवर कोणता स्वर हे ठरवणारं चिन्ह) आणि बास क्लेफमध्ये उतरवून घ्या आणि रोज दोन वाजवा. सी-क्लेफ बोटांत बसले की बी-फ्लॅट क्लॅरिनेट लिहिल्यापेक्षा एक पूर्ण स्वर खाली, ए क्लॅरिनेट लघु तृतीय खाली, एफ हॉर्न पंचमाने खाली हे हिशेब क्लेफ बदलूनच सुटतात, डोक्यात आकडेमोड करावी लागत नाही.

आणि एक गोष्ट कीबोर्डवाल्यांना मनापासून सांगावीशी वाटते. पियानोचा स्वर दाबल्या क्षणापासून विरत जातो, त्यामुळे आपला कान सुरुवातीवर असतो. तंतुवाद्यांचा आणि फुंकवाद्यांचा स्वर मधे वाढतो, कमी होतो, त्याला शेवट असतो. पोडियमवर आलेला पियानिस्ट प्रत्येक मात्रा ठोकतो आणि दोन मात्रांच्या मधलं काहीच दाखवत नाही, ही नेहमीची तक्रार. त्यावर इलाज म्हणजे वर्षभर तरी व्हायोलिन किंवा व्हिओला हातात धरणं आणि गायनवृंदात गाणं. वाजवायला चांगलं आलं नाही तरी गज खाली ओढणं आणि वर ढकलणं यात वजनाचा फरक काय, श्वास कुठे संपतो, हे अंगात भिनतं.

साथसंगत

तालीमखोलींचं बरंचसं पटतं, पण मंद्रसप्तक यांनी घेतलेल्या नावांत ऑपेराच्या शिडीने वर आलेलं फारसं कुणी नाही. ती साथीची माणसं आहेत. आइम यांनी लेझार फ्लोरिसाँ या वृंदात कंटिन्युओ (बासच्या ओळीवर कॉर्ड भरत केलेली साथ) वाजवला आणि २००० मध्ये स्वतःचा ल कॉन्सेर दास्त्रे हा वृंद उभा केला. सुझुकी ॲमस्टरडॅमला कोपमन यांच्याकडे हार्पसिकॉर्ड शिकले. येमेल्यानिचेव यांनी मॉस्कोत गेन्नादी रोझ्देस्त्वेन्स्की यांच्याकडे कंडक्टिंग रीतसर घेतलं; २०१९ पासून ते स्कॉटिश चेंबर ऑर्केस्ट्राचे प्रमुख कंडक्टर आहेत आणि हार्पसिकॉर्ड-फोर्टेपियानोवरून (फोर्टेपियानो म्हणजे मोझार्टच्या काळचा पियानो) इल पोमो दोरो हा वृंदही सांभाळतात. बरोककडे ओढा असेल तर कंटिन्युओ हीच खरी शाळा. तिथे पहिल्या दिवसापासून तुम्ही बासच्या बाजूने लय धरत असता, म्हणजे निम्मं संचालन करतच असता. आणि ही काही आजची टूम नाही. हायडन १७९१ मध्ये लंडनला गेले तेव्हा त्यांचे आयोजक सालोमन व्हायोलिनवरून नेतृत्व करायचे आणि हायडन कीबोर्डवर बसायचे. ९८व्या सिम्फनीच्या शेवटच्या भागात अचानक अकरा मापांचा (माप म्हणजे बार) कीबोर्डचा एकल तुकडा येतो, तो त्यांनी स्वतःसाठीच लिहिलेला.

फिगर्ड बास किती पक्का हवा? डोळा आकड्यावर पडला की हात कॉर्डवर पडला पाहिजे, मधे विचार नको. आकडा नाही म्हणजे साधा त्रिस्वर, ६ म्हणजे पहिलं उलटं रूप, ६-५, ४-३ आणि २ ही सप्तमाची उलटी रूपं, आडवी रेघ मारलेला आकडा म्हणजे तो स्वर अर्ध्याने वर. एवढं तर आठवड्यात पाठ होतं. वेळ लागतो तो मांडणीला. कोरेल्लीच्या ऑपस ५ मधल्या सोनाटांचे (१७००) संथ भाग घ्या, त्यांत आकडे भरपूर आणि स्पष्ट आहेत. आधी उजव्या हातात तीन स्वर, बासच्या जोडीने समांतर पंचम होऊ न देता. मग तोच भाग दोन स्वरांत, मग चार-पाच स्वरांत. हार्पसिकॉर्डवर पट्टी जोरात दाबून आवाज वाढत नाही. जाड-बारीकपणा येतो तो किती स्वर घेता आणि ते एकदम घेता की ओघळत सोडता यावरून. त्यामुळे ही स्वरसंख्येची मेहनत म्हणजेच आवाजाची मेहनत. मुख्य वादकाच्या वर उजवा हात जाऊ देऊ नका आणि त्याची धून वरच्या स्वरात वाजवू नका, तो बेसूर वाटायला लागतो.

रेसिटेटिव्हमध्ये, म्हणजे ऑपेरातल्या बोलल्यासारख्या गायनात, मात्र अनुभवी लोकही गडबडतात. साध्या रेसिटेटिव्हमध्ये बास लांब स्वरांत छापलेला असतो. तो धरून ठेवायचा की तोडायचा, हे तालमीपूर्वी चेलोवाल्याशी ठरवा, नाहीतर एक धरतो आणि एक सोडतो. शेवटच्या दोन कॉर्ड गायकाचं वाक्य संपल्यावर वाजवायच्या की त्याच्या शेवटच्या अक्षरांखालीच, हेही आधी ठरवा. पात्रं एकमेकांचं बोलणं तोडत असतील तर खालीच घेणं परिणामकारक होतं, पण ते सगळ्यांना माहीत हवं. गायक जो पुढचा स्वर घेणार आहे तो तुमच्या कॉर्डमध्ये असू द्या. करुण प्रसंगात कॉर्ड हळू ओघळू द्या, विनोदी भांडणात कोरडी आणि झटपट. आणि चेलोच्या पार्टमध्ये गायकाची ओळ शब्दांसकट छापलेली नसेल तर तेवढी पानं स्कोअरमधून काढून त्याच्या स्टँडवर ठेवा. निम्म्या चुका तिथेच मिटतात.

मंद्रसप्तक

दोघांचेही मनापासून आभार. आता नेमकं विचारतो. पहिला कार्यक्रम मोझार्टच्या ए मेजर कॉन्चेर्टोचा, के. ४१४, धरला आहे. आधुनिक पियानो, ६-५-४-३-२ अशी तंतुवाद्यं (पहिली व्हायोलिन, दुसरी व्हायोलिन, व्हिओला, चेलो, बास), दोन ओबो, दोन हॉर्न. तीन तासांची एक तालीम आणि कार्यक्रमाच्या दिवशी एक छोटी तालीम. मांडणी कशी करावी? इशाऱ्यांचं काय? आणि पुढेमागे हेच हार्पसिकॉर्डवर करायचं झालं तर काय बदलतं?

पहिला डेस्क

ऑर्केस्ट्राच्या बाजूने लिहितो. के. ४१४ ची निवड उत्तम आहे. १७८२ ची ही कॉन्चेर्टो फुंकवाद्यांशिवाय, नुसत्या चार तंतुवाद्यांबरोबरही वाजवता येईल अशीच रचलेली आहे. म्हणून आधी चौघांना घेऊन दोन-तीन बैठका करा. चौघांबरोबर जे इशाऱ्याशिवाय जमतं, त्यासाठी चोविसांबरोबरही इशारा लागत नाही.

पियानोचं झाकण बिजागरीतून पूर्ण काढायचं, शेपटी ऑर्केस्ट्राच्या पोटात, तुमची पाठ श्रोत्यांकडे. पहिली व्हायोलिन डावीकडे अशी बसवा की लीडर, म्हणजे त्यांचा प्रमुख, आणि तुम्ही मान न वळवता एकमेकांचे डोळे पाहू शकाल. मुख्य चेलो तुमचा डावा हात दिसेल असा. बास चेलोच्या लगेच मागे. ओबो-हॉर्न शेपटीच्या पलीकडे, बुटक्या पायरीवर, नाहीतर त्यांना तुमचं फक्त कपाळ दिसतं. स्कोअरची उभी पाटी काढून टाका. पाठ नसेल तर स्कोअर आडवा ठेवा.

झाकण काढलं की आवाज वर जातो आणि सभागृहात स्वरांची धार बोथट होते. तुम्हाला बसल्या जागी पियानो भरपूर ऐकू येईल, म्हणून तुम्ही हात आवरता घ्याल आणि मागच्या रांगेत पियानो बुडेल. तालमीत कुणीतरी जाणता माणूस स्कोअर घेऊन सभागृहात बसवाच. कमी करायचं असेल तर तंतुवाद्यांचं करा, एकल भागात मागचे डेस्क (एका स्टँडवरून वाजवणाऱ्या दोघांची जोडी) गप्प ठेवा. ऑर्केस्ट्राच्या एकट्या भागात मोझार्टच्या काळी एकलवादक बासबरोबर कॉर्ड भरत असे. फोर्टेपियानोवर ते सुंदर मिसळतं. आधुनिक पियानोवर तळ जाड होतो, तेव्हा तिथे मोकळ्या हातांनी कंडक्ट केलेलं बरं.

इशाऱ्यांबद्दल सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे, कमी द्या. प्रत्येक मात्रेला डोकं हलवणाऱ्या एकलवादकाच्या मागे ऑर्केस्ट्रा रेंगाळतो, कारण वादक ऐकायचं सोडून बघायला लागतात. शिवाय त्या मानेच्या झटक्याबरोबर बोटांतही नको तिथे आघात येतात. इशारा फक्त सुरुवातीला, विरामानंतर, लय बदलताना आणि कॅडेन्झातून, म्हणजे ऑर्केस्ट्रा थांबून एकलवादक एकटा वाजवतो त्या भागातून, बाहेर पडताना. मधला सगळा कारभार लीडरकडे द्या आणि हे तालमीच्या सुरुवातीलाच सर्वांसमोर स्पष्ट सांगा. सुरुवातीचा इशारा म्हणजे नेमक्या लयीत घेतलेला एक मात्रेचा श्वास. श्वास घाईने घेतला की पहिलं माप पळतं, आणि पुढची आठ मापं ते सावरण्यात जातात.

कॅडेन्झाच्या शेवटची ट्रिल (शेजारचे दोन स्वर भराभर आलटून-पालटून) ही हमखास फसणारी जागा. ट्रिल किती लांबणार हे ऑर्केस्ट्राला कळायला मार्ग नसतो. वादक वाद्यं उचलून ताटकळतात, मग अर्धे आधी शिरतात. ट्रिलच्या अलीकडचा एक ओळखीचा तुकडा सगळ्या पार्टमध्ये छोट्या स्वरांत लिहून द्या, तो आला की वाद्यं वर. ट्रिलच्या शेवटचे दोन जोडस्वर मात्र कडक लयीत वाजवा, तोच प्रवेशाचा इशारा. लीडर त्यावर गज उचलेल आणि बाकीचे त्याच्याबरोबर येतील. या कॉन्चेर्टोसाठी मोझार्टच्याच कॅडेन्झा उपलब्ध आहेत, त्या वापरल्या तर बहुतेक वादकांच्या कानात आधीच असतात. पुढे डी मायनर, के. ४६६, घ्याल तेव्हा मोझार्टची कॅडेन्झा मिळणार नाही. बीथोव्हनची घेतली तर ती ऑर्केस्ट्राला एकदा पूर्ण ऐकवा.

पार्ट्सचा हिशेब: ६-५-४-३-२ ला डेस्कप्रमाणे ३, ३, २, २ आणि १ असे अकरा, अधिक फुंकवाद्यांचे चार, एकूण पंधरा. स्कोअर आणि पार्ट एकाच आवृत्तीचे आहेत का ते मापांचे क्रमांक लावून आधी तपासा. ‘माप ९७ पासून’ म्हटल्यावर निम्मे लोक दुसरीकडे सुरू झाले की दहा मिनिटं गेलीच. गजाच्या खुणा लीडरकडून काही आठवडे आधी करून घ्या आणि सगळ्या पार्टमध्ये उतरवून मगच वाटा.

तीन तासांच्या तालमीतून वीस मिनिटांची सुट्टी काढली तर १६० मिनिटं उरतात. त्यांतली पहिली चाळीस पियानोला हात न लावता, उभं राहून घालवा. ऑर्केस्ट्राचे एकटे भाग, सूर, छोट्या स्वरांची लांबी, मधल्या आंदान्तेचा आवाज, हे सगळं तेव्हाच. एकदा बसलात की तुमचा निम्मा कान स्वतःच्या बोटांकडे जातो, मग हॉर्न सुरात खाली आहेत की वर हे कळत नाही. बसल्यावर पूर्ण कॉन्चेर्टो वाजवत सुटू नका, जोडण्याच्या जागा आधी घ्या. पहिलं पूर्ण वादन शेवटच्या तासात.

साथसंगत

हार्पसिकॉर्डवर काय बदलतं, याचं उत्तर सुरांपासून सुरू होतं. ऑर्केस्ट्रा सूर तुमच्याकडून घेणार, म्हणून तुमच्या वाद्याचं टेंपरामेंट, म्हणजे सप्तकातले स्वर किती अंतरावर लावले आहेत, हा सगळ्यांचाच प्रश्न होतो. ए स्वर ४१५ हर्ट्झवर धरून व्हॅलोटी हे असमान टेंपरामेंट लावलं असं धरू. त्यात एफ-सी-जी-डी-ए-ई-बी हे सहा पंचम प्रत्येकी सुमारे ४ सेंटनी (सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग) आखूड असतात. चेलोवाला तुमच्याकडून फक्त ए घेतो आणि खालच्या तारा शुद्ध पंचमांनी लावतो. ए-डी, डी-जी, जी-सी अशा तीन पायऱ्या उतरल्यावर त्याची खालची सी तार तुमच्या सीपेक्षा १२ सेंट खाली बसते. तिकडे व्हायोलिनची ई तार तुमच्या ईपेक्षा ४ सेंट वर. आता सी मेजरची कॉर्ड मोकळ्या तारांवर आली की दोघांमधला तृतीय तुमच्या वाद्यावरच्यापेक्षा १६ सेंटनी ताणलेला, आणि सगळे एकमेकांकडे बघतात. उपाय अगदी साधा आहे: ए, डी, जी, सी आणि ई असे पाचही स्वर एकेक करून द्या आणि प्रत्येक तार तुमच्या स्वराला लावून घ्या. दोन मिनिटं जास्त लागतात.

पाच सप्तकांचं, दोन कीबोर्डचं, दोन आठफुटी (लिहिल्या सुरात वाजणारे) आणि एक चारफुटी (सप्तकभर वर वाजणारा) तारसंच असलेलं वाद्य म्हणजे ६१ गुणिले ३, १८३ तारा. आधी एक आठफुटी संच पक्का करा, मग दुसरा त्याला मिळवा, चारफुटी शेवटी. रंगमंचाचे दिवे तासभर आधी लावून मगच सुरात लावा. हवेतला दमटपणा वाढला की ध्वनिफलक फुगतो आणि सूर चढतो, कोरड्या गरम हवेत उतरतो. श्रोते आत आल्यावर हवा बदलतेच, त्यामुळे मध्यंतरात पुन्हा हात फिरवावा लागतो. व्यावसायिक ट्यूनर असला तरी स्वतःला लावता आलंच पाहिजे. कार्यक्रम चालू असताना एखादी तार घसरली तर दोन भागांच्या मधे ती तुम्हालाच उचलायची असते.

तालीमखोली

एक व्यवहाराची भर. करार करताना कंडक्टर आणि एकलवादक अशा दोन भूमिका वेगळ्या लिहून घ्या, मोबदलाही वेगळा. एका मोबदल्यात दोन कामं गृहीत धरली जातात, हे फार ठिकाणी चालतं. वाद्याबद्दलही मोघम लिहू नका: किती कीबोर्ड, किती तारसंच, पल्ला, सुराची पट्टी, टेंपरामेंट, तालमीला आणि मध्यंतराला ट्यूनर हजर, झाकण काढता येणारं, कीबोर्डवर स्वतंत्र दिवा. कार्यक्रम आखताना स्वतःच्या खांद्यांचा विचार करा. पूर्वार्धात मोठी सिम्फनी उभ्याने कंडक्ट करून लगेच बाखची पाचवी ब्रांडेनबुर्ग कॉन्चेर्टो वाजवायला बसू नका. त्यातला हार्पसिकॉर्डचा ६५ मापांचा एकल भाग दमलेल्या खांद्यांनी जड होतो. वाजवायचं आधी ठेवा, कंडक्टिंग नंतर.

साथसंगत

करारात आणखी एक ओळ घाला. बऱ्याच आधुनिक हार्पसिकॉर्डचा कीबोर्ड बाजूला सरकवून ४१५ वरून ४४० वर नेता येतो, आणि आयोजक सांगतात की सकाळी ४४० वर दुसऱ्यांची तालीम आहे, संध्याकाळी तुमच्यासाठी सरकवून देऊ. सरकवल्यावर पट्टी अर्ध्या स्वराने बदलते खरी, पण असमान टेंपरामेंटही तेवढंच सरकतं. सी भोवती गोड लावलेले तृतीय सी-शार्प किंवा बी भोवती जातात आणि सी मेजर, जी मेजर कानाला टोचायला लागतात. म्हणून सरकवल्यानंतर टेंपरामेंट नव्याने लावून मिळेल आणि त्यासाठी तालमीआधी शांत रंगमंच तासभर मोकळा असेल, हे लिहूनच घ्या.